निकाल लागला, मग प्रकरण संपलं का? शिक्षकांच्या नोकरीच्या खटल्यांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी वकील नाही. जळगाव जिल्ह्यात एका माध्यमिक शाळेत मराठी आणि इतिहास शिकवला. मधली चार वर्षं बडतर्फ म्हणून घरी काढली, खटला लढलो, परत रुजू झालो आणि तिथूनच निवृत्त झालो. तेव्हापासून जळगाव, धुळे, नंदुरबारचे शिक्षक फोन करतात, ‘सर, एक ऑर्डर वाचून सांगता का?’ खालचे प्रश्न असेच जमले आहेत, काही फोनवर तर काही वेतन पथकाच्या, म्हणजे शाळांची पगारबिलं काढणाऱ्या सरकारी कार्यालयाच्या, व्हरांड्यात. विचारणाऱ्यांची नावं-गावं काढून टाकली आहेत. बहुतेक उत्तरं खाजगी शाळांतल्या शिक्षकांसाठी आहेत. इतरांसाठी शेवटाकडे एक प्रश्न आहे. तुमच्या प्रकरणाचा सल्ला तुमच्या वकिलाकडूनच घ्या.

न्यायाधिकरणाचा निर्णय ‘अंतिम व बंधनकारक’ असतो म्हणतात. मग संस्था हायकोर्टात गेलीच कशी?

पहिला फोन बहुधा हाच असतो, आणि आवाजात राग असतो. महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ च्या कलम १२ प्रमाणे शाळा न्यायाधिकरणाचा निर्णय कर्मचारी आणि व्यवस्थापन दोघांवर अंतिम आणि बंधनकारक आहे. त्यावर दावा नाही, अपील नाही. संस्थेला दिवाणी कोर्टात जाऊन ‘न्यायाधिकरण चुकलं’ असं म्हणता येत नाही.

पण हायकोर्टाचा रिट अधिकार, म्हणजे न्यायाधिकरणांचे आणि अधिकाऱ्यांचे आदेश तपासण्याचा अधिकार, राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ आणि २२७ मधून येतो. विधिमंडळाचा साधा कायदा तो काढून घेऊ शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींनी १९९७ मध्ये एल. चंद्रकुमार प्रकरणात हा अधिकार घटनेच्या मूलभूत चौकटीचा भाग ठरवला. म्हणून संस्था जाते ती अपील घेऊन नाही, रिट याचिका घेऊन. आपले तिन्ही जिल्हे औरंगाबाद खंडपीठाखाली येतात, त्यामुळे जळगावकरांना अजिंठ्याचा घाट आणि धुळे-चाळीसगावकरांना कन्नडचा घाट पाठ होतो.

याचिका आणि अपील यांत फरक मोठा आहे. हायकोर्ट साक्षीपुरावा नव्याने तोलायला बसत नाही. न्यायाधिकरणाने अधिकाराबाहेर जाऊन काही केलं का, महत्त्वाचा पुरावा नजरेआड केला का, कोणताही शहाणा माणूस काढणार नाही असा निष्कर्ष काढला का, एवढंच बघतं. म्हणून खालचा निकाल नीट कारणं देऊन लिहिलेला असेल तर घाबरू नका.

आणखी एक गोष्ट. ‘आम्ही हायकोर्टात गेलोय, तुम्हाला रुजू करून घेणार नाही’ असं मुख्याध्यापकांनी सांगितलं, तर स्थगितीचा आदेश दाखवा म्हणा. नुसती याचिका दाखल झाल्याने निकाल थांबत नाही. आपल्या बाजूने निकाल लागला की लगेच हायकोर्टात कॅव्हेट, म्हणजे ‘आधी आम्हाला ऐका’ असा अर्ज, टाकून ठेवा, म्हणजे तुमचं म्हणणं ऐकल्याशिवाय स्थगिती मिळणं कठीण होतं. कॅव्हेटची मुदत ९० दिवसांची असते. संस्था गप्प बसली असेल तर ती ९१ व्या दिवसाची वाट बघत असते असा माझा अनुभव आहे, तेव्हा मुदत संपण्याआधीच नवं टाका.

किती दिवसांत जायचं असतं?

बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती किंवा पदोन्नतीत डावललं जाणं याविरुद्ध न्यायाधिकरणात ३० दिवसांत अपील करायचं. हे दिवस आदेश हातात पडल्यापासून मोजतात. उशीर झाला तर पुरेसं कारण दाखवून माफ होऊ शकतो, पण ‘संस्थाचालक म्हणाले, बघू, बोलून घेऊ’ हे कारण फार लांब चालत नाही. हायकोर्टाच्या निकालावर सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिकेसाठी, म्हणजे ‘आमचं अपील ऐकायची परवानगी द्या’ अशा याचिकेसाठी, ९० दिवस मिळतात. एकल न्यायमूर्तींच्या निकालावर लेटर्स पेटंट अपील (हायकोर्टातच जास्त न्यायमूर्तींपुढचं अपील) चालत असेल तर ३० दिवस. रिट याचिकेला ठरलेली मुदत नाही, पण कारण न देता वर्षानुवर्षं झोपून राहिलात तर हायकोर्ट त्याच एका मुद्द्यावर परत पाठवतं.

निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज टाका. अपिलाच्या मुदतीतून नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस वजा होतात. अर्जच महिन्याने टाकला तर तो महिना वजा होत नाही, तुमच्याच मुदतीतून जातो.

मला परत घ्यायचा आदेश झाला, पण मागच्या पगाराबद्दल निकालात काहीच नाही. म्हणजे मिळेल ना?

बहुधा नाही. या उत्तरात माझी चार वर्षं गेली आहेत, म्हणून सविस्तर लिहितो.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११ खाली काही स्पष्टीकरणं दिली आहेत. पाचवं असं सांगतं, की दाव्यात मागितलेली गोष्ट निकालात स्पष्टपणे दिली नसेल तर ती नाकारली असं धरायचं. न्यायाधिकरणाच्या प्रकरणांतही कोर्टं याच तत्त्वाने चालतात. माझ्या अपिलात तीन मागण्या होत्या, परत घेणं, सेवासातत्य (मधल्या काळाचा खंड न धरणं) आणि मागील पगार. निकालाच्या शेवटच्या पानावर पहिल्या दोन मंजूर झाल्या होत्या. तिसरीबद्दल एक शब्द नव्हता. मी पेढे वाटले. शाळेत हजर झालो, पोरांनी टाळ्या वाजवल्या. वेतन पथकात मागील पगाराचं बिल नेलं तेव्हा तिथल्या बाईंनी शांतपणे विचारलं, ‘सर, हे आदेशात कुठे आहे?’ तोपर्यंत इतका काळ गेला होता, की वकील म्हणाले, आता यावर वर गेलात तर संस्था तुमचं परत येणंही उकरून काढेल. मी गेलो नाही.

त्यामुळे निकाल आला की आधी शेवटचं पान वाचा. कोर्टाच्या भाषेत त्याला ऑपरेटिव्ह पार्ट म्हणतात. आधीच्या चाळीस पानांत न्यायमूर्तींनी तुमची कितीही बाजू घेतली असो, अंमलबजावणी शेवटच्या पानाची होते. परत घेणं, सेवासातत्य, मागील पगार, वेतनवाढी आणि निवृत्तिवेतनासाठी सेवा धरणं, हे पाचही तिथे आहेत का बघा. एखादं सुटलं असेल तर मुदतीत त्यापुरतं वर जा. टंकलेखनाची किंवा आकडेमोडीची चूक असेल तर संहितेच्या कलम १५२ खाली दुरुस्ती होते. पण न दिलेली मागणी ‘दुरुस्ती’ म्हणून पदरात पडत नाही.

निकालात पगार नाकारण्याचं कारण लिहिलेलं असेल तर एक निकाल वकिलांना आठवून द्या. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्राथमिक शिक्षिकेच्या प्रकरणात सांगितलं, की बेकायदा काढलेल्या कर्मचाऱ्याला परत घेताना पूर्ण मागील पगार हा सर्वसाधारण नियम आहे. त्या काळात दुसरीकडे नोकरी नव्हती एवढं कर्मचाऱ्याने सांगायचं. दुसरीकडे कमाई होती हे सिद्ध करणं मालकाचं काम. म्हणून अपिलातच ‘मी इतरत्र नोकरीत नव्हतो’ हे वाक्य शपथेवर घाला. माझ्या अपिलात ते नव्हतं.

सर्वोच्च न्यायालयाने संस्थेची याचिका एका ओळीत फेटाळली. आता हायकोर्टाचा निकाल सर्वोच्च न्यायालयाचा झाला का?

नाही, पण तुमचं काम झालं. कारण न देता अनुमती नाकारली तर वरचं न्यायालय फक्त ‘आम्ही यात लक्ष घालत नाही’ असं म्हणतं. कुन्हयम्मद (२०००) प्रकरणात हे नीट मांडलं आहे. अशा एका ओळीने हायकोर्टाचा निकाल वरच्या निकालात विलीन होत नाही आणि त्यातून देशभर लागू होणारा कायदाही बनत नाही. संस्थेला हायकोर्टात पुनर्विलोकनाचा, म्हणजे ‘तुमचाच निकाल पुन्हा तपासा’ असा, अर्ज करण्याची फट त्यामुळे राहते. ती अरुंद असते, उघड दिसणारी चूक किंवा खूप शोधूनही आधी न मिळालेला पुरावा एवढीच. याउलट अनुमती देऊन, ऐकून निकाल दिला असेल तर खालचा निकाल त्यात विलीन होतो आणि हायकोर्टाचं दार बंद होतं.

त्याच्याही पुढे क्युरेटिव्ह याचिका आहे, सर्वोच्च न्यायालयातलं पुनर्विलोकनही फेटाळल्यावरचा शेवटचा अर्ज, रूपा हुर्रा (२००२) निकालातून आलेली. कोणी तिच्यावर विसंबून शेत विकायला निघाला तर त्याला घरी बसवा.

खटला हरलो. पण आता नवा, जबरदस्त मुद्दा सापडलाय. पुन्हा केस टाकू?

मुद्दा नवा आहे, की तुम्हाला आता सुचला? त्याच पक्षकारांत तोच प्रश्न एकदा निकाली निघाला की पुन्हा चालत नाही. वकील याला रेस ज्युडिकाटा म्हणतात. आणि जो मुद्दा तेव्हाच मांडता आला असता, मांडायला हवा होता, तोही मांडला होता असंच धरलं जातं. नवाब हुसेन (१९७७) प्रकरणात उत्तर प्रदेशातला एक पोलीस उपनिरीक्षक बडतर्फ झाला होता. त्याने रिट केली, बचावाची संधी मिळाली नाही म्हणून, आणि हरला. मग दिवाणी दावा केला, मला नेमणारा अधिकारी वरचा होता, काढणारा खालचा होता म्हणून. मुद्दा तगडा होता, तरी सर्वोच्च न्यायालयाने तो ऐकून घेतला नाही, कारण पहिल्याच वेळी तो त्याच्या हातात होता.

पुढे दुसऱ्या कोणाच्या खटल्यात कायद्याचा अर्थ बदलला तरी तुमचा संपलेला निकाल त्या कारणाने पुनर्विलोकनात उघडत नाही. हे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४७ मध्येच लिहून ठेवलं आहे. कठोर वाटतं. पण हाच नियम उद्या तुम्ही जिंकल्यावर संस्थेलाही अडवतो.

बडतर्फी रद्द झाली. आता संस्था म्हणते, त्याच आरोपांवर पुन्हा चौकशी करणार. असं चालतं?

कशामुळे रद्द झाली यावर आहे. आरोपच खोटे ठरले असतील तर नाही. पण खाजगी शाळांच्या याच कायद्याखालच्या १९८१ च्या नियमावलीप्रमाणे तीन जणांची चौकशी समिती लागते, त्यात एक कर्मचाऱ्याने सुचवलेला आणि एक राज्य किंवा राष्ट्रीय पुरस्कारप्राप्त शिक्षक. अशी समितीच नीट नेमली नाही म्हणून आदेश रद्द झाला असेल, तर आरोपांचा फैसला झालेलाच नसतो. मग संस्था चुकलेल्या टप्प्यापासून पुन्हा चौकशी करू शकते. न्यायाधिकरणाने तशी मोकळीक दिली आहे का, मुदत घातली आहे का, हे पुन्हा शेवटच्याच पानावर बघायचं. तांत्रिक मुद्द्यावर जिंकण्याची घाई करणाऱ्यांना मी नेहमी म्हणतो, आरोपांवरचाही निष्कर्ष मागून घ्या.

शिक्षणाधिकारी म्हणतात, ‘मी पक्षकार नव्हतो, हा निकाल माझ्यावर बंधनकारक नाही.’

दुर्दैवाने त्यांच्या म्हणण्यात कधीकधी तथ्य असतं. ज्याला ऐकलंच नाही त्याच्यावर निकाल लादता येत नाही हे जुनं तत्त्व आहे. १९८४ च्या प्रबोध वर्मा प्रकरणात, तेही उत्तर प्रदेशातल्या शिक्षकांचंच होतं, सर्वोच्च न्यायालयाने ज्यांच्या नोकऱ्यांवर परिणाम होणार त्यांना पक्षकार न करता हायकोर्टाने याचिका ऐकायलाच नको होती असं म्हटलं.

तेव्हा अपिलात पहिल्याच दिवशी तीन नावं घाला: संस्था, मुख्याध्यापक आणि शिक्षणाधिकारी. तुमच्या जागी दुसऱ्याला नेमलं असेल तर त्यालाही. तो बिचारा गरजू असतो, तुमचा राग त्याच्यावर नसतो, पण त्याला न ऐकता मिळालेला निकाल नंतर त्याच्याच याचिकेत अडकतो. पगार शालार्थ या सरकारी ऑनलाइन वेतन प्रणालीतून निघतो. वैयक्तिक मान्यता (तुमच्या नेमणुकीची मंजुरी) आणि शालार्थ आयडी यांच्यावर ज्यांची सही लागते ते खटल्याबाहेर राहिले तर निकाल भिंतीला लावण्यापुरताच उरतो.

संस्थेत दोन गट आहेत. नवी कार्यकारिणी म्हणते, जुन्यांच्या चुकीशी आमचा संबंध नाही.

संबंध आहे. निकाल संस्थेवर असतो, अध्यक्षांच्या नावावर नाही. कार्यकारिणी बदलल्याचा अर्ज धर्मादाय आयुक्तांकडे पडून असो वा मंजूर असो, दोन्ही गटांना निकालाची प्रत पोस्टाने पाठवा आणि पोच जपून ठेवा.

माझ्यासारखीच केस असलेला शहाद्याचा शिक्षक जिंकला. त्याचा निकाल मला आपोआप लागू होईल ना?

आपोआप काही होत नसतं. समान परिस्थितीतल्या कर्मचाऱ्यांना समान वागणूक मिळावी हे खरं आहे, पण २०१४ मध्ये अरविंदकुमार श्रीवास्तव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तिथेच अपवादही सांगितला. अन्याय झाला तेव्हा जे गप्प बसले आणि दुसरा जिंकल्यावर जागे झाले, त्यांना विलंबाच्या कारणाने नाकारता येतं. काठावर बसून दुसऱ्याला पोहताना बघणाऱ्याने पैलतीराचा हक्क सांगू नये, असा त्याचा अर्थ. निकालाचा हेतूच सर्वांना लाभ देण्याचा असेल, उदाहरणार्थ एखादा नियमच रद्द झाला असेल, तर गोष्ट वेगळी.

आजच्या आज लेखी अर्ज द्या, त्या निकालाची प्रत जोडा, पोच घ्या. उत्तर आलं नाही तर वकिलाकडे जा. अर्ज देऊन दहा वर्षं थांबू नका.

टीईटीच्या (शिक्षक पात्रता परीक्षेच्या) खटल्यात मी नव्हतोच. तो निकाल मला का लागू?

वरच्या उत्तराची ही दुसरी बाजू. दोघांतला वाद मिटवणारा निकाल त्या दोघांना बांधतो, पण सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेला कायदा अनुच्छेद १४१ प्रमाणे सगळ्यांना. १ सप्टेंबर २०२५ चा निकाल दुसऱ्या प्रकारचा आहे. त्यात म्हटल्याप्रमाणे पहिली ते आठवीच्या सेवेतल्या ज्या शिक्षकांची निवृत्तीला पाच वर्षांपेक्षा जास्त सेवा उरली आहे त्यांनी दोन वर्षांत टीईटी उत्तीर्ण व्हावं. त्याहून कमी उरलेल्यांना नोकरीत राहता येईल, पण टीईटीशिवाय पदोन्नती नाही. अल्पसंख्याक संस्थांचा प्रश्न मोठ्या पीठाकडे पाठवला आहे. वीस वर्षं वर्ग सांभाळलेल्या माणसाला हे झोंबतं, मलाही पटलेलं नाही. पण ‘मी खटल्यात नव्हतो’ हे उत्तर इथे चालत नाही.

सरकार कायदा बदलून कोर्टाचा निकाल पुसू शकतं का?

निकाल पुसू शकत नाही. तो ज्या पायावर उभा आहे तो पाया बदलू शकतं. शिक्षकांच्याच बाबतीत हे दिसलं. २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की ग्रॅच्युइटी कायद्यातल्या ‘कर्मचारी’ या व्याख्येत शिक्षक बसत नाहीत. संसदेने २००९ मध्ये व्याख्या बदलली, तीही ३ एप्रिल १९९७ पासून मागे जाऊन. खाजगी शाळा कोर्टात गेल्या, म्हणाल्या, हा निकालावर बोळा फिरवणं आहे. ऑगस्ट २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दुरुस्ती वैध ठरवली, निकालात दिसलेली उणीव संसदेने दूर केली म्हणून. थोडक्यात, २००४ ला हरलेले शिक्षक संसदेच्या वाटेने जिंकले. संघटनांनी ही गोष्ट अधूनमधून आठवावी.

जातपडताळणी समितीने माझा दावा अवैध ठरवला. नोकरीचं संरक्षण मिळेल का?

नंदुरबार-धुळ्याकडून हा प्रश्न सर्वांत जास्त येतो, आणि विचारणारा बहुधा पन्नाशीचा असतो. समितीचा निर्णयही कायद्याने अंतिम आहे. त्यावर फक्त अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात जाता येतं. जुलै २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जगदीश बहिरा प्रकरणात, इतकी वर्षं नोकरी झाली म्हणून संरक्षण, ही वाट बंद केली. त्यानंतर राज्य सरकारने २१ डिसेंबर २०१९ च्या निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना ११ महिन्यांच्या अधिसंख्य पदांवर, म्हणजे मंजूर पदांच्या वर निर्माण केलेल्या तात्पुरत्या पदांवर, वर्ग केलं. समितीचा निर्णय हातात आल्यावर शाळेच्या पत्राची वाट न बघता हायकोर्टात जाणं, हेच करण्यासारखं आहे. शाळेचं पत्र येतं तेव्हा बराच उशीर झालेला असतो.

मी जिल्हा परिषदेत आहे. माझी पत्नी शासकीय आश्रमशाळेत आहे. आम्हालाही न्यायाधिकरण आहे का?

घर एक, दारं वेगळी. जिल्हा परिषदेच्या शिक्षकाला १९६४ च्या शिस्त व अपील नियमांखाली मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या आदेशावर नाशिकच्या विभागीय आयुक्तांकडे अपील आहे, मग हायकोर्ट. शासकीय आश्रमशाळेतले शिक्षक राज्य शासनाचे कर्मचारी, त्यांचं दार मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. बहिणाबाई चौधरी विद्यापीठाशी संलग्न महाविद्यालयातल्या प्राध्यापकांना २०१६ च्या विद्यापीठ कायद्याखाली वेगळं न्यायाधिकरण आहे. कामगार न्यायालय यांपैकी कोणाचंच नाही. शिक्षक ‘कामगार’ नाही हे १९८८ लाच ठरलं आहे. चुकीच्या दारात तीन वर्षं काढलेली माणसं मी पाहिली आहेत.

‘सर, निकाल लागना, पगार काबर लागत नही?’

एका शिपाईदादांनी हा प्रश्न अहिराणीत विचारला होता, तसाच ठेवलाय.

निकालाच्या नकलेसह संस्थेला हजर होण्याचं पत्र द्या आणि खरोखर हजर व्हा. सही करू दिली नाही तर त्याच दिवशी शिक्षणाधिकाऱ्यांना पोस्टाने कळवा. न्यायाधिकरणाचा आदेश न पाळणाऱ्या व्यवस्थापनावर १९७७ च्या खाजगी शाळांच्या कायद्याच्या कलम १३ खाली खटला चालतो. त्याच कायद्याच्या कलम ११ मध्ये अशीही सोय आहे, की तुमची देणी संस्थेच्या अनुदानातून कापून थेट तुम्हाला द्यावीत अशी शिफारस न्यायाधिकरण शासनाला करू शकतं. ही मागणी अपिलात बहुतेक जण करतच नाहीत. आदेश हायकोर्टाचा असेल तर अवमान याचिका आहे, पण ती एका वर्षात दाखल करावी लागते. ‘पुढच्या महिन्यात करतो’ असं बारा वेळा ऐकलं, की वर्ष संपतं.

खटला चालू असताना माणूस निवृत्त झाला किंवा वारला तर?

परत घेण्याचा प्रश्न उरत नाही, पैशाचा उरतो. मागील पगार, ग्रॅच्युइटी, निवृत्तिवेतन यांसाठी वारस खटला पुढे चालवू शकतात. त्यांनी वेळेत वारस म्हणून नाव लावून घ्यावं, नाहीतर खटला तिथेच संपतो.

लोकअदालतीत तडजोड केली, सही केली. आता घरचे म्हणतात, कमी पैसे मिळाले.

लोकअदालतीचा निवाडा १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम २१ प्रमाणे अंतिम असतो आणि त्यावर अपील नाही. सही फसवून घेतली असेल तर हायकोर्टात रिट, तेही पुरावा असेल तर. ‘कमी मिळाले’ ही फसवणूक नव्हे. ज्यांची सही अजून व्हायची आहे त्यांनी कागदावर रकमेखाली सेवासातत्य, रजा रोखीकरण आणि सेवापुस्तिकेतली नोंद या तीन ओळी आहेत का बघा. तोंडी ‘ते करून देऊ’ म्हणत असतील तर पेन खिशात ठेवा आणि पुढची तारीख मागा.